पाहुण्यांची पहिली चाल

बुद्धिबळाच्या स्पर्धेत एक रीत असते. प्रमुख पाहुण्यांनी पहिल्या पटावर एक प्यादं हलवायचं, फोटो काढून घ्यायचा आणि खुर्चीवर जाऊन बसायचं. मग खेळाडू ते प्यादं मुकाट्याने मागे ठेवतो आणि आपली चाल खेळतो.

शेवटच्या फेरीला पाहुणे होते साखर कारखान्याचे चेअरमन दादासाहेब ढमढेरे. पहिल्या पटावर पांढरी मोहरी सुनीला टिकेकरकडे होती, आणि ग्रँडमास्टर व्हायचं तर तिला हा डाव जिंकायलाच हवा होता. दादासाहेबांनी नेमकं राजाच्या उंटापुढचं प्यादं सरकवलं. थंडीत राजाच्या अंगावरचं पांघरूण ओढावं, तशी ती चाल!

सुनीलाने ते मागे घ्यायला हात पुढे केला, तसे दादासाहेब कडाडले, "ए पोरी! ढमढेऱ्यांनी टाकलेलं पाऊल आजवर मागे गेलेलं नाही. हीच चाल राहणार!"

बक्षिसं चेअरमनसाहेबांची, म्हणून पंच छताकडे बघू लागले.

सुनीला उठली. तिने आपली खुर्ची अदबीने दादासाहेबांपुढे सरकवली.

"बसा, दादासाहेब. आमच्यात ज्याने चाल केली, त्यानेच डाव पुरा करायचा."

समोरच्या खेळाडूने बाह्या सरसावल्या. दादासाहेब दोन पावलं मागे सरले.

"अगं, मी काय खेळाडू आहे का?"

"नाही ना? मग खेळाडू नसलेल्याची चाल ती चाल कसली?" सुनीलाने प्यादं जागेवर ठेवलं. "आणि जी चाल झालीच नाही, ती मागे घेतली असं कोण म्हणेल?"

दादासाहेबांना टाळी वाजवण्यावाचून दुसरी चालच उरली नाही.