पेटत्या चुलीची सबब

खूप खूप वर्षांपूर्वीची गोष्ट. इतकी जुनी, की त्या राजाचं नावसुद्धा आता कोणाला आठवत नाही.

त्याच्या राज्यात गोजरा नावाची एक कुंभारीण होती. तिचा नवरा आजारी पडला, म्हणून ती त्याला घेऊन महिनाभर माहेरी गेली. परत येऊन बघते, तर शेजारचा भिवाजी तिच्या घरात बिऱ्हाड मांडून बसलेला! घर गेलं, अंगणातली भट्टीही गेली. दोघं नवराबायको देवळाच्या ओवरीत राहू लागली.

गोजरा पंचांकडे गेली. पंचांनी साक्षी घेतल्या, खाणाखुणा पाहिल्या आणि निकाल दिला, "घर गोजराचं. कोतवालानं आठ दिवसांत ते मोकळं करून द्यावं."

झालं ना आता सगळं? छे हो! खरी गोष्ट तर पुढेच आहे.

त्या गावात एक रीत होती. पेटत्या चुलीवरून कोणाला उठवायचं नाही. भरल्या ताटावरून कोणी उपाशी उठू नये, एवढाच त्यातला हेतू. पण भिवाजी भारी बिलंदर. त्यानं चूल विझूच दिली नाही. कोतवाल आला की म्हणायचा, "बघा ना दादा, चूल पेटलीय. आता आलाच आहात, तर भाकरी खाऊन जा." कोतवाल भाकरी खायचा, ढेकर द्यायचा आणि गोजराला सांगायचा, "पुढच्या आठवड्यात बघू, बाई."

असे आठवडे करता करता चार वर्षं गेली. त्या ओवरीतच गोजराचा नवरा वारला.

मग मात्र ती उठली आणि थेट राजासमोर जाऊन उभी राहिली. राजानं भिवाजीला आणि कोतवालाला बोलावून घेतलं.

भिवाजी घाईघाईनं म्हणाला, "महाराज, मुळात ते घर कोणाचं, हेच आधी..."

"ते पंचांनी ठरवलंय," राजा म्हणाला. "मी ते पुन्हा उकरणार नाही. निकाल पाळला का नाही, तेवढंच सांगा."

कोतवालानं चाचरत रीत सांगितली. राजानं शांतपणे ऐकून घेतली.

"रीत चांगली आहे. मोडू नका. चूल पेटती ठेवूनच भिवाजीच्या स्वतःच्या घरी नेऊन ठेवा."

"पण महाराज, जमिनीत लिंपलेली चूल न्यायची कशी?" कोतवालानं विचारलं.

"माझी उचलती चूल घ्या," गोजरा म्हणाली. "भिवाजीच्या चुलीतले निखारे तिच्यात भरा. चार वर्षं ओवरीत मी तिच्यावरच रांधतेय."

राजा कोतवालाकडे वळला. "आणि हिच्या घरात हिची चूल पेटेपर्यंत तुझ्या घरची पेटणार नाही."

काय सांगू तुम्हाला! चार वर्षं अडलेलं काम दुपारच्या जेवणाआधी उरकलं.

कोतवाल घाम पुसत म्हणाला, "मिळालं ना बाई, तुमचं घर?"

"मिळालं," गोजरा म्हणाली. "ज्याला घेऊन यायचं होतं, तोच राहिला नाही." आणि ती उंबऱ्यावर बसून रडली.

हे राजाच्या कानावर गेलं. त्याला फार वाईट वाटलं. त्यानं कोतवालाला कामावरून काढलं आणि पंचांना नवा दंडक घालून दिला. ज्याचं घर, त्याला पंचांनी स्वतः त्या घरात बसवून यायचं, त्यानंतरच निकाल झाला असं म्हणायचं.

तात्पर्य: निकाल सांगून न्याय होत नाही, ज्याचं त्याला वेळेवर मिळालं, तरच तो होतो.