खालचं पाणी चाखणारी ठमाय

फार वर्षांपूर्वी, म्हणजे खाडीवर पूल नव्हता आणि पलीकडे जायचं तर होडीवाल्याला हाका मारून घसा बसायचा, तेव्हाची ही गोष्ट. नांदखार गाव तेव्हाही खाडीच्या कडेलाच होतं. एका अंगाला खाडी, दुसऱ्या अंगाला भाताची खाचरं, आणि मधे गावाने हातांनी घातलेला मातीचा बांध. समुद्र तिथून तीन कोस खाली. भरती चढली की समुद्राचं पाणी खाडीतून उलटं वर यायचं, आणि डोंगरातून आलेलं नदीचं पाणी त्याला खाली ढकलायचं. वर्षभर ही ढकलाढकली चाले. पावसाळ्यात नदी जिंकायची, उन्हाळ्यात समुद्र जिंकायचा, आणि भाद्रपद संपता संपता कोण जिंकतंय ते कुणालाच नीट सांगता यायचं नाही. नेमकं तेव्हाच शेताला पाणी हवं असायचं. भात पोटरीत आलेलं, कणीस अजून पानाच्या पोटात, आणि पाऊस तर कधीकधी गणपतीबरोबरच गावाचा निरोप घ्यायचा.

बांधात एक उघाडी होती. उघाडी म्हणजे पाणी आत-बाहेर करायचं लाकडी दार. सागाच्या एकाच फळीचं, दोर लावून वर उचलायचं. ते पाटलांच्या आजोबांनी बसवलेलं, म्हणून दसऱ्याला त्याला हार पडायचा. खाडी गोडी असेल तेव्हा ते दार उचलून एका भरतीचं पाणी आत घेतलं की भात तरून जाई. खारी असताना उचललं तर मात्र तीन पावसाळे जमीन काही देत नसे. मुरलेलं मीठ धुऊन निघायला तेवढा वेळ लागतोच.

आता पाणी गोडं की खारं, हे ओळखायचं कुणी? इथे नांदखारची पंचाईत होती. गावच्या विहिरी मचूळ. जन्मभर तेच पाणी पिऊन सगळ्यांच्या जिभा इतक्या निबर झालेल्या, की थोड्याथोडक्या मिठाचा पत्ताच लागू नये. पाहुणा चहाला नाक मुरडायचा आणि गाववाले दुसरा कप मागायचे. म्हणून पूर्वापार रीत अशी होती, की त्या वर्षी डोंगराकडच्या, गोड्या पाण्याच्या गावातून जी नवी सून आली असेल, तिने उघाडीवर जाऊन पाणी चाखायचं. ती गोड म्हणाली की दार उचलायचं.

त्या वर्षीची नवी सून होती ठमी. वय सोळा-सतराचं, अंगाने काटकुळी, बोलायला कमी. चाहूची बायको. सकाळी सगळं गाव बांधावर जमलं. ठमी काठावर बसली, वाकली, ओंजळ भरली आणि चाखलं.

"काय गो ठमे, पानी कसा हाय?" जोमा पाटलांनी विचारलं.

"गोड हाय," ठमी म्हणाली. पाणी खरंच गोड लागलं होतं.

दार उचललं. पाणी आत आलं, खाचरं भरली, बायका हसत घरी गेल्या. तिसऱ्या दिवशी पातीची टोकं करपली. आठव्या दिवशी शेतात पाणी आटलं तिथे पीठ सांडल्यासारखा पांढरा थर दिसू लागला. मिठाचा थर.

गाव काय बोललं ते सांगत बसत नाही. ज्याने त्याने आपल्या वकुबाप्रमाणे तोंडसुख घेतलं. पण सगळ्यात जास्त ठमी स्वतःलाच बोलली. त्या सकाळी निघताना तिने भाकरीबरोबर सुकटीची चटणी खाल्ली होती. एवढीशीच, बोटभर. त्या खारट चटणीने जीभ बिघडली, म्हणून खारं पाणी आपल्याला गोड लागलं, असं तिच्या मनाने घेतलं. तिने हे कुणाला सांगितलं नाही. फक्त त्या दिवसापासून मीठ सोडलं. भाकरीत नाही, कालवणात नाही, पेजेत नाही. सासूने समजावलं, चाहू रागावला, पण ती अळणीच जेवत राहिली.

तीन वर्षं नांदखारला भात झालं नाही. चाहू आणि निम्मे बापये खाली मिठागरात कामाला गेले. मिठाने जमीन घेतली आणि त्याच मिठाच्या राशी ओढून पोटं भरायची वेळ आली. चाहू घरी यायचा तेव्हा त्याच्या टाचांना भेगा पडलेल्या असत. ठमी त्यांना कोकमाचं तेल लावायची आणि मान वर करायची नाही. चाहूने तिला कधी दोष दिला नाही. त्याने एकदा दिला असता तर बरं, असं तिला वाटायचं.

आणि रोज, दिवसातून एकदा, ती खाडीचं पाणी चाखायची. असं म्हणतात, की अळणी राहून राहून तिची जीभ इतकी तल्लख झाली, की पाण्याच्या एका थेंबावरून ती वर डोंगरात पाऊस पडला की नाही ते सांगायची. काही जण तर म्हणतात, तिला माशाची पाठ चाखून कळायचं तो कुठल्या वळणावरून आला ते. ते असो. पण पुढचं मात्र खरं आहे, कारण ते तिने स्वतः सांगितलेलं आहे.

तिसऱ्या वर्षी, भांगाच्या दिवसांत, म्हणजे अष्टमीच्या आसपास भरती मऊ असते तेव्हा, ती खाडीत शिवल्या, म्हणजे चिखलातले शिंपले, काढायला उतरली होती. कमरेभर पाण्यात उभी. सवयीने तिने वरचं पाणी चाखलं. गोडं. मग शिवल्या उकरायला ती खाली वाकली, पाय चिखलात घसरला आणि ती तळाशी गेली. नाकातोंडात पाणी शिरलं. खारं! डोळ्यांतून पाणी यावं इतकं खारं. ठसकत ती उभी राहिली आणि पुन्हा वरचं चाखलं. गोडं. नाक धरून पुन्हा बुडी मारली, तळाचं चाखलं. खारं. जागा तीच, वेळ तीच, आणि पाणी दोन. नदीचं हलकं पाणी वर, समुद्राचं जड पाणी खाली. उधाणाच्या भरतीत दोन्ही घुसळून निघतात, पण भांगाला मात्र एकमेकांवर निजून असतात.

ठमी तशीच चिखलात बसली आणि रडली. त्या वर्षी दार उचललं तेही भांगाच्याच दिवसांत. तिची जीभ खोटी नव्हती. चटणीचाही दोष नव्हता. तीन वर्षं ती उगाच स्वतःला खात होती.

ती ओल्या लुगड्यानेच पाटलांच्या ओटीवर गेली. जोमा पाटील सुपारी कातरत होते. त्यांनी ऐकून घेतलं आणि हसले.

"पान्याला काय माळा असतो गो? वर येक बिऱ्हाड न् खाली दुसरा?"

"हाय तसाच हाय, पाटील," ठमी म्हणाली. "तुमी दार वर उचलता. मंग पयला खालचा पानी आत शिरतो. वरचा आमी चाखतो न् खालचा शेताला पाजतो."

पाटील सुपारी कातरत राहिले. तीन वर्षांनी सुनेला सबब सुचली, एवढंच त्यांच्या मनात आलं.

चौथ्या वर्षी मीठ धुऊन गेलं होतं. गावाने पुन्हा लावणी केली, मिठागरातले बापये परत आले. भात असं माजलं की बघत राहावं. आणि पोटरीत आलं तेव्हा पाऊस गेला. बारा दिवस टिपूस नाही. जमिनीला भेगा पडू लागल्या. उधाणाची वाट बघावी तर सात दिवस अजून, आणि उधाणाचं घुसळलेलं पाणी कुणी घेणार नाही. पाणी घ्यायचं तर आजच, या भांगाला.

त्या वर्षीची नवी सून होती येसू. ती ओंजळ भरून प्याली आणि म्हणाली, "गोड हाय." चौघांनी दोराला हात घातला. तेवढ्यात ठमी पुढे झाली आणि उघाडीच्या दारावर जाऊन बसली.

"उठ," पाटील म्हणाले.

"नाय उठत. खालचा चाखा, मंग उचला."

तिच्या हातात एक चंबू होता. बुडाला दगड बांधलेला, तोंडात चिंधीचा बोळा, बोळ्याला सुतळी. तिने तो दाराशी तळापर्यंत सोडला, सुतळी ओढून बोळा काढला आणि भरलेला चंबू वर घेतला. पाटलांनी तो हिसकून स्वतः घोट घेतला.

"गोडाच हाय की!"

नांदखारची जीभ ती. दुसरं काय सांगणार? ठमीने चंबू येसूच्या हातात दिला. पोरीने तोंडाला लावला आणि सगळा घोट पाटलांच्या पायांवर थुंकली.

चौघांनी दोरावरचे हात काढले. पाटलांनी विचारलं, "मंग आता काय करायचा? भात मरू द्यायचा?"

"दार कापा," ठमी म्हणाली. "वरून दोन हात. गोडा पानी वरून येवदे. खालचा खालीच राहूदे."

आजोबांनी बसवलेलं दार. दसऱ्याला हार घातलेलं. आणि कापलेलं दार उधाणात टिकलं नाही तर सगळी खाचरं खाडीत जाणार. पाटलांनी सुताराला हाक मारली नाही. घरी जाऊन स्वतः करवत आणली आणि स्वतःच्या हाताने पहिला दात लावला.

भरती चढत आली. ठमी आतल्या बाजूला चरात उतरली, दाराला पाठ लावून उभी राहिली आणि कापलेल्या काठावरून पडणारं पाणी तोंडात झेलत राहिली. गोडं, तोवर हात खाली. असं म्हणतात, की ती त्या जागी एक भरतीभर उभी होती आणि खाडी तिच्या खांद्यावरून अशी आत येत होती, की दुधावरची साय कुणी अलगद काढून घ्यावी. असं म्हणतात, की त्या दिवशी दोन पाणी डोळ्यांना वेगळी दिसली, वरचं तांबूस, खालचं हिरवं, आणि मधे एक रेघ. खालच्या पाण्यातले बोयटं मासे खालीच फिरत होते आणि वरच्यातले मळवी मासे वरच. भरतीच्या अगदी शेवटी ठमीने हात वर केला. गावाने कापलेली फळी परत खाचेत बसवली आणि पाचर ठोकली. तिच्या जिभेवर मिठाचा पहिला कण आला होता.

पात करपली नाही. आठ दिवसांनी कणसं बाहेर आली. मधे उधाण येऊन गेलं, तेव्हा सगळं गाव दाराशी ठाण मांडून बसलं होतं, पण फळी हलली नाही.

कापणी झाली तेव्हा नव्या भाताची पेज घेऊन जोमा पाटील ठमीच्या दारात आले. त्यांनी आपल्या हाताने पेजेत चिमूटभर मीठ घातलं.

"घे, ठमाय," ते म्हणाले. तोवर तिला कुणी ठमाय म्हटलं नव्हतं, ती त्यांच्या नातीच्या वयाची होती. "तुजी जीब खरी व्हती. चार वर्सांपूर्वी पन खरी व्हती. आमी चुकीच्या जागचा चाखवला."

ठमायने एक घोट घेतला आणि तोंड वेडंवाकडं केलं. "केवरा खारट!" ती म्हणाली, आणि चाहू चार वर्षांत पहिल्यांदा पोट धरून हसला.

आता नांदखारला सिमेंटची उघाडी आहे. सरकारने लोखंडी चाकाचं दार बसवायला आणलं होतं, ते गावाने परत पाठवलं. फळ्या हव्यात, एकावर एक, आणि काढायच्या त्या वरून. दर वर्षी भात पोटरीत आलं की एक दिवस सगळं गाव अळणी जेवतं. लहान पोरं कुरकुरतात, म्हातारे गप्प जेवतात. संध्याकाळच्या आत नवी सून बांधावर जाते. आधी चंबू सोडून खालचं पाणी चाखते, मग ओंजळीने वरचं. ती काय सांगेल ते अजून कुणालाच ठाऊक नसतं. पण तिने तोंड उघडण्याआधी पाटलांच्या घरातला सगळ्यात वडील माणूस पुढे होतो, तिच्या तळहातावर मिठाचा एक खडा ठेवतो आणि सगळ्या गावाला ऐकू जाईल असं म्हणतो, "पोरी, तुजी जीब खरी हाय."