हौसाक्काने शोधलेला चेहरा

“आणखी चार वर्षं लग्न करायचं नाही! करारातच लिहिलंय तसं!” इंगवले मालक गरजले.

कोल्हापुरातल्या त्यांच्या स्टुडिओत मालकांचा शब्द म्हणजे कायदा. समोर त्यांची नायिका कुमुदिनी उभी होती. तिच्या चित्रांना लोक पहाटेपासून रांगा लावत. पण तिला स्वतःच्या लग्नाची तारीख धरायची सोय नव्हती. वाईच्या एका वकिलाशी तिचं ठरलं होतं. तिचे डोळे भरून आले.

“वा! उद्याच्या शॉटला अस्सं रडायचं!” मालक म्हणाले.

कपडेपट सांभाळणारी हौसाक्का तिथंच एका डगल्याला बटणं लावत होती. तिला राहवेना.

“मालक, सोडा की पोरीला! दुसरी कुणी मिळंल.”

“मिळंल? हा चेहरा लोकांच्या ओळखीचा करायला मला सहा चित्रं काढावी लागली! तू असं कर. पडद्यावर कधीच न आलेला, तरी सारं कोल्हापूर ओळखतं, असा चेहरा सोमवारपर्यंत शोधून काढ. करार फाडतो! नाही जमलं, तर तूही घरी बस. आणि पैलवान नको हां, ते सगळे माझ्या चित्रांत येऊन गेलेत!”

सोमवारी सकाळी हौसाक्का टांगा घेऊनच हजर!

“चला मालक, चेहरा घावला. बाजारातनं जाऊ.”

पहिल्याच वळणावर पानवाला उठून उभा राहिला. “रामराम, मालक!” भाजीवाल्या एकमेकींना कोपरानं ढोसू लागल्या. “इंगवले मालक गं!” पोरं टांग्यामागं धावली. “मालक, आम्हाला घ्या की पिच्चरमध्ये!” एका म्हातारीनं तर टांगा अडवून खडसावलं, “मागच्या खेळात त्या पोरीला किती रडवलंसा वो!”

हात जोडून जोडून मालक दमले.

“अगं, तो चेहरा कुठाय?”

“टांग्यात बसलाय की! सारं गाव ओळखतंय, बघितलंसा न्हवं? आता सांगा, पडद्यावर आलाय का कधी?”

मालकांनी मिशीवरून हात फिरवला. टांगेवाला खुसखुसला.

“म्हणजे नायिकेचं लुगडं आता मी नेसायचं होय गं?” मालकांनी विचारलं.

“नेसवते की! फकस्त मिशा काढाव्या लागतील!”

मालक इतके हसले, इतके हसले, की घोडं बिचकलं! टांगा तसाच माघारी फिरवून त्यांनी स्टुडिओत सगळ्यांसमोर करार टराटरा फाडला. कुमुदिनीला लग्नाचा आहेर म्हणून पैठणी दिली आणि हौसाक्काला नवंकोरं शिलाई मशीन!