तिमव्वाचा अंगठा

फार वर्षांपूर्वी, असं म्हणून ही गोष्ट आमच्या गावात सुरू करतात. खोटं आहे ते. तेव्हा गावात टीव्ही होता, एसटी येत होती. पण लाज वाटली की माणसं गोष्ट जुनी करून टाकतात. म्हणून मीही म्हणतो, ऐका, फार वर्षांपूर्वी आमच्या गावात तिमव्वा नावाची एक वडारीण होती.

तिमव्वा दारोदार हिंडून जात्याला, पाट्याला टाकी लावायची, झिजलेला दगड ठोकून पुन्हा खरबरीत करायची. असं म्हणतात, तिच्या हातोड्याचा आवाज ऐकून दगड आपणहून कूस बदलायचा. गावातल्या प्रत्येक घरची चटणी तिनं टाकी लावलेल्या पाट्यावर वाटली जाई. आणि वडारवस्ती मात्र गावाबाहेर, खाणीपाशी. तिथल्या बायकांना घागरभर पाण्यासाठी कोसभर चालावं लागे.

मग नवा कायदा आला आणि सरपंचपद मागास समाजातल्या बाईसाठी राखीव झालं. उपसरपंच रंगरावांनी तिमव्वाला उभं केलं, निवडून आणलं. का? तर तिला लिहिता-वाचता येत नव्हतं. “तिमे, कारभार आम्ही बघतो. तू नुसता अंगठा टेकव,” ते म्हणाले. सरपंचाच्या खुर्चीत ते स्वतः बसले आणि सरपंच बसली उंबऱ्यापाशी, फरशीवर. चहासुद्धा तिला सगळ्यांत शेवटी, कान तुटलेल्या कपातून. कुणाला काही वाटलं नाही! हे सांगताना आजही माझं डोकं फिरतं.

तिमव्वानं एकच हट्ट धरला, वस्तीला नळ. नळ मंजूर झाला, चर खणला गेला, आणि तो चर वळला थेट रंगरावांच्या मळ्याकडे. तिमव्वा विचारायला गेली, तर त्यांनी ठरावाचं पुस्तक तिच्यापुढं आपटलं. “तूच लिहून दिलंयस, वस्तीला नळ नको म्हणून. हा बघ तुझा अंगठा.”

वस्तीतल्या बायकांनी तिच्याशी बोलणं टाकलं. पोटच्या लेकीनं विचारलं, “आये, आमचं पानी तूच दिलंस व्हय त्यास्नी?”

दुसऱ्या दिवशी पंचायतीपुढं ग्रामसभा भरली. भर उन्हात सगळा गाव जमला होता. तिमव्वानं तो ठराव सगळ्यांना दिसेल असा धरला.

“ह्यो अंगठा कुनाचा?”

“तुझाच की,” रंगराव हसले.

तिनं शाईत अंगठा बुडवला आणि कोऱ्या कागदावर टेकवला. कागदावर नुसता जांभळा डाग उठला. त्यात एक रेघ नव्हती. चाळीस वर्षं दगड घासून तिच्या बोटांवर रेषाच उरल्या नव्हत्या. आणि ठरावावरच्या अंगठ्याची रेघन् रेघ मोजून घ्यावी!

“माज्या रेघा दगडानं खाल्ल्या,” ती म्हणाली. “ज्यानं जन्मात दगूड उचलला न्हाई, त्येचा हाय ह्यो अंगठा. हात वर करा समद्यांनी!”

सगळ्यांनी हात वर केले. रंगरावांनी खिशात घातला. असं म्हणतात, त्यांच्या अंगठ्याची शाई मरेपर्यंत निघाली नाही, तिरडीवरही तो जांभळाच होता.

तिमव्वानं खुर्ची मागितलीच नाही. पंचायतीपुढं एक काळा पाषाण होता, त्यावर जाऊन बसली आणि उठताना ओला अंगठा त्याला टेकवला. असं म्हणतात, दगडावर तो उमटला रेषांसकट. दगडानं खाल्लेलं दगडानं परत केलं. गावानं काय परत केलं? एक नळ, तोही तीन वर्षांनी.

आजही आमच्याकडे कुठलाही ठराव त्या पाषाणापाशी मोठ्यानं वाचल्याशिवाय त्यावर सही होत नाही. वडारवस्तीतली सगळ्यांत म्हातारी बाई ऐकायला बसते, सरपंचाच्या खुर्चीत. सरपंच बी.ए. का असेना, तो उभ्यानं वाचतो. ती “समजलं” म्हणेपर्यंत त्याला पुन्हा पुन्हा वाचावं लागतं.

आणि कधीकधी, समजलं असूनही, ती म्हणत नाही.