एकाच प्रवेशातले दोन मुखवटे

प्राचीन रोममध्ये एकदा एक वृद्ध नाट्याचार्य उत्सवातल्या नाटकाची तालीम घेत होते. त्या काळी नट मुखवटे घालून अभिनय करीत, त्यामुळे एकच नट मुखवटा बदलून दोन भूमिका सहज निभावून नेई. आचार्यांच्या तरुण शिष्याचा त्यात हातखंडा होता. दुर्दैव असे, की रंगमंचाबाहेरही त्याने तोच उद्योग आरंभला होता.

नगराधिपतीने त्याला दास्यातून मुक्त केले होते, आणि त्याच नगराधिपतीचा काटा काढण्याचा कट शिष्याच्या थोरल्या भावाने रचला होता. नाटक रंगात आले की शिष्याने मागचे दार उघडायचे, भाऊ मारेकऱ्यांना घेऊन तिथून आत येणार. त्याने भावाला होकार दिला. इकडे नगराधिपतीलाही, कोणाचे नाव न घेता, जपून राहायला सुचवले. दोन्ही डगरींवर हात ठेवून स्वारी कोणालाच ताकास तूर लागू देत नव्हती. पण झोप उडाली होती. कोणी नुसते खाकरले तरी त्याच्या मनात पाल चुकचुके.

उत्सव उद्यावर आला. आचार्यांनी त्याच्यापुढे दोन मुखवटे ठेवले, एक स्वामिनिष्ठ रक्षकाचा आणि दुसरा कटवाल्याचा. हे दोघे समोरासमोर येतात तो प्रवेश एकट्याने करून दाखव, असे त्यांनी सांगितले. शिष्य गोंधळला. एका नटाला हे अशक्य आहे, हे आचार्यांना ठाऊक नव्हते का? मग त्याच्या लक्षात आले. म्हाताऱ्याला सगळे कळले होते. पण सांगितले कोणी?

"आचार्य, तुम्ही कोणाच्या बाजूचे?" त्याने दबक्या आवाजात विचारले.

"दोन भूमिका निभतात, कारण त्यांची गाठ पडत नाही," आचार्य म्हणाले. "आजवर ते दोघे तुला वेगवेगळे भेटले, म्हणून तुझं निभलं. उद्या दोघेही तुझ्यासमोर असतील. त्यांतला एक मरेल, आणि मरताना तुला आपलाच समजत असेल. माझी बाजू सांगितली, तर तू तिसरा मुखवटा शोधशील. म्हणून ती मी सांगणार नाही."

शिष्य शरमला. तिथून तो तडक भावाच्या घरी गेला.

"दादा, मी दार उघडणार नाही," तो म्हणाला. "दिवस मावळायच्या आत नगर सोड. त्यानंतर मी नगराधिपतींना सगळं सांगणार आहे."

भावाचा हात कट्यारीवर गेला. शिष्य जागचा हलला नाही. कितीतरी दिवसांनी त्याला कोणाचे भय वाटत नव्हते. भावाने कट्यारीवरचा हात काढला.

"निदान तोंडावर सांगितलंस," एवढेच तो म्हणाला, आणि सामान बांधायला आत गेला.