चव घेणारे यंत्र

नैवेद्य दाखवण्यापूर्वी कुणी चाखलेले अन्न, ते ‘उष्टे’. ते देवाला चालत नाही.

धुक्यात तरंगणाऱ्या एका नगरीत यंत्राधिपती वज्रनाभाने राजाज्ञा मिळवली: यापुढे घरोघरी त्याचे चांदीचे यंत्र रांधलेले चाखील आणि ते मान डोलावील तेव्हाच पाने वाढायची. पहिले यंत्र सुलक्षणा नावाच्या गृहिणीच्या स्वयंपाकघरात बसवले. राजा पाहायला आला.

“बाई, तुमची सद्दी संपली,” वज्रनाभ हसला.

“याला चव खरोखर कळते?” सुलक्षणेने विचारले.

“तुमच्याहून अधिक!”

“मग महाराज, देवाला आज उष्टे दाखवू? आणि चव कळत नसेल, तर हे माझ्या चुलीवर हुकूम कशाच्या बळावर चालवते?”

राजाने तिथेच आज्ञा मागे घेतली.

लोक सांगतात, यंत्र फोडले. ते खरे नव्हे. ते राजोद्यानात उभे आहे. त्याच्या उघड्या मुखात चिमण्यांचे घरटे आहे. काय खावे, हे त्या त्याला विचारीत नाहीत.