मुकीच्या खडपीवरचं गाऱ्हाणं

हुमरवेळच्या बंदरात उतरलात की उजव्या हाताला समुद्रात घुसलेली काळ्या कातळाची एक खडप दिसते. तिला मुकीची खडप म्हणतात. भरतीला तिच्या तीन बाजूंनी पाणी असतं, एका अंगाला खाडीचं तोंड. वर देऊळ नाही, घुमटी नाही; शेंदूर फासलेला उभा दगड आहे, तोच खडपदेव. वर जायला कोणाला मनाई नाही. बाई असो, पाहुणा असो, चपला काढल्या की झालं. अट एकच, वर गेल्यावर तोंडातून शब्द काढायचा नाही. पाहुणे आपले समजतात, देवाला शांतता आवडत असेल. शांतता कसली! त्या खडपीवर जेवढं सांगून झालंय तेवढं गावच्या चावडीवरसुद्धा झालं नसेल. फक्त ते तोंडाने झालेलं नाही.

फार जुनी गोष्ट आहे. होड्या नुसत्या शिडावर चालत तेव्हाची. गाबतांच्या, म्हणजे मासेमारांच्या वाडीत जिवली नावाची बाई होती, जन्मापासून बहिरी. तिचा मामा सोमा तसाच. तिच्या आजोळी दर पिढीला एकदोन माणसं अशी निपजत, म्हणून त्या घराला हातांनी बोलायची रीत पडली होती, आणि त्या घरामुळे अर्ध्या वाडीला. भांडणं हातांनी, सोयरिकी हातांनी, शेजारणीच्या चहाड्याही हातांनी. जिवलीचा नवरा साबाजी कानांनी धड होता, तरी लग्नानंतर वर्षभरात तो तिच्याशी घटकान्‌घटका हातांनी बोलू लागला, असं सांगतात. उरलेलं गाव मात्र तिला मुकी म्हणायचं, आणि मुकी म्हणजे अर्धवट असं धरून चालायचं. माणसांना आपल्याला न कळणारं ते सगळं वेडगळ वाटतं. ती खोड तेव्हाही होती.

त्या वर्षी नारळी पुनवेनंतर सात होड्या बाहेर पडल्या. पहिल्या होडीवर साबाजी होता. तिसऱ्या दिवशी वारा फिरला, दर्या काळा पडला. पाच दिवस झाले तरी एक शीड दिसेना.

सहाव्या दिवशी सकाळी बायका नारळ घेऊन खडपीवर गेल्या. तिथे तातू घाडी उभा होता. गावाचं मागणं देवापुढे मांडण्याचा मान ज्या घराण्याकडे असतो, तो घाडी. रीत अशी, की जिचं माणूस बाहेर तिने आधी आपल्या तोंडाने देवाला सांगायचं, मग घाडी गाऱ्हाणं घालणार आणि सगळ्यांनी मागून म्हणायचं, ‘व्हय महाराजा.’ एकेक बाई सांगून बाजूला होत होती. जिवलीची पाळी आली. तिने नारळ ठेवला, देवासमोर दोन्ही हात उचलले, तोच घाडीने ते धरले.

“ह्या नको,” तो तिच्या नणंदेला, शेवंतीला म्हणाला. “देवाक भाषा लागता. हातवाऱ्यांका गाऱ्हाणा म्हणनत नाय. तिच्या वतीन मी सांगतंय.”

तातू घाडी दुष्ट नव्हता. पण चार पोथ्या ऐकलेला माणूस होता, आणि भाषा जिभेवर असते अशी त्याची पक्की समजूत होती. शेवंतीने त्याचं म्हणणं हातांनी जिवलीला सांगितलं. जिवलीने मान हलवली. तिचे हात भराभर चालले, तशी शेवंती बोलू लागली.

“ती म्हणता, घाडीनू, तुमका ठावक असा तो साबाजी तुम्ही सांगशात. माका ठावक असा तो कोण सांगतलो?”

बायका खाली बघू लागल्या. घाडीचा पारा चढला.

“हातान भूक सांगशीत, तहान सांगशीत. डोळ्यांफुडचा असा ता सांगशीत. जा डोळ्यांफुडे नाय, जा झालाच नाय, ता सांगशीत? ता सांगता येता तीच भाषा.”

जिवलीने शेवंतीचे हात नीट पाहिले. मग खाडीपलीकडे बोट केलं. पैलतीरावर मामा सोमा जाळं सांधत बसला होता आणि त्याची बायको, गंगूमामी, शेजारी होती. मामी ऐकणारी-बोलणारी. ‘तुम्हाला हवं ते सांगा,’ जिवली हातांनी म्हणाली, ‘मी मामाला सांगते. तो मामीला काय सांगतो ते माणूस पाठवून तिच्या तोंडून ऐका.’

मधल्या पाण्याचा आणि वाऱ्याचा एवढा गदारोळ होता की हाक अर्ध्यावर बुडाली असती. घाडीने आपल्या भावाला होडक्यात बसवून पलीकडे पाठवलं. तो उतरलेला दिसला तेव्हा घाडी शेवंतीला म्हणाला, “सांग तिका. फुडल्या वर्सा दर्यो जर माझ्या अंगणात इलो, तर मी होडी तुळशीक बांधीन. पण दर्यो काय येवचो नाय.”

झालेलं नाही, होणार नाही, तरीही ‘जर’ म्हणून सांगायचं. घाडीने जाळं पक्कं विणलं होतं. शेवंतीने जिवलीला सांगितलं, जिवलीने मामाला. मामाने एकदा उलट विचारलं, तिने पुन्हा सांगितलं. होडकं परत यायला वेळ लागला. भाऊ खडप चढून आला तो दम खात, घाडीची नजर चुकवत.

“मामी म्हणाली, फुडल्या वर्सा दर्यो घाडीच्या अंगणात इलो तर घाडी होडी तुळशीक बांधतलो. पण दर्यो येवचो नाय.” मग तो घुटमळला. “आणि जिवलीन आपल्या पदरचा सांगल्यान... होडी बांधण्याआधी घाडीन कासोटो बांधूचो. सकाळपासून सुटलेलो असा.”

वारा फिरल्यापासून ज्या बायकांच्या घशाखाली पेज उतरली नव्हती त्या हसल्या. घाडीने मागे हात नेऊन चाचपलं. कासोटा सुटलेलाच होता. तो खोचला आणि देवापुढून बाजूला झाला.

“घाल गो बाय,” तो म्हणाला.

जिवलीने गाऱ्हाणं घातलं. काय सांगितलं ते शेवंतीने पुढे कोणाला पुरतं सांगितलं नाही. एवढंच म्हणे, की साबाजी तांदूळ धुताना हात कसे फिरवतो, रागावला की कुठे जाऊन बसतो, हे सगळं त्यात होतं. देवाला माणूस ओळखता यावा म्हणून.

आणि सांगता सांगता तिचे डोळे दगडावरून पलीकडे गेले. पावसाच्या पडद्यात एक शीड होतं. त्यामागे दुसरं.

होड्या नेहमीच्या वाटेने खाडीच्या तोंडाशी येत होत्या. पण वादळाने ती वाट बुजवली होती. वाळूचा दांडा सरकला होता आणि होड्या सरळ त्याच्यावर चालल्या होत्या. गाव ओरडू लागलं. शंख वाजला. वारा समुद्राकडून होता, सगळा आवाज उलटा गावाच्या तोंडावर येत होता.

जिवलीचे हात थांबलेच नाहीत. देवाशी बोलणं कुठे संपलं आणि साबाजीशी कुठे सुरू झालं, हे शेवंतीलाही कळलं नाही. पैलतीरावरून दांडा साफ दिसत होता; सोमामामा तिथून जिवलीला सांगत होता आणि जिवली दर्याला. जुनी वाट बुजली, खडपीच्या अंगाने या. पाणी निवळ दिसतंय तिथेच वाळू आहे, भुलू नका. दोन लाटा जाऊ द्या, तिसरीवर घुसा. पहिल्या होडीच्या पुढच्या टोकावर, नाळेवर, साबाजी उभा राहिला. त्याने वाचलं आणि तेच आपल्या हातांनी मागच्या होडीला दिलं, तिने त्याच्या मागच्या होडीला. एकामागून एक सातही होड्या तिसऱ्या लाटेवर आत आल्या.

होड्यांवरची माणसं पुढे जन्मभर एकच सांगत राहिली. म्हणे खडप दिसत नव्हती, गाव दिसत नव्हतं, नुसते दोन हात दिसत होते, माडाएवढे उंच, आभाळाला टेकलेले, आणि प्रत्येक बोट वेगळं मोजता येत होतं.

गाऱ्हाणं पुरं झालं होतं. मागून म्हणायचं राहिलं होतं. तातू घाडीने तोंड उघडलं, पण आवाज फुटला नाही, असं सांगतात. त्याने दोन्ही हात वर केले. त्याच्या मागे उभ्या गावाने केले.

आजही नारळी पुनवेच्या दुसऱ्या दिवशी खडपीवर गाऱ्हाणं होतं ते हातांनीच. गाबतांच्या वाडीतली एक बाई ते घालते, कानांनी ऐकणारी असो वा नसो. घाडी तिच्या मागे उभा असतो. ‘व्हय महाराजा’ म्हणजे शेकडो हात एकदम वर. पाहुणे म्हणतात, हातांची भाषा काय, कोणालाही समजत असेल. नाही समजत. दुसऱ्या बंदरातून सून होऊन आलेल्या बहिऱ्या मुलीलाही इथले हात दोन पावसाळे शिकावे लागतात. तिचे हात वेगळे असतात, आणि भांडणात ती तेच वापरते.

गाऱ्हाण्याच्या अगदी शेवटी एक खूण आहे. डाव्या मनगटावर उजव्या हाताची दोन बोटं दोनदा घासायची आणि दर्याकडे सोडून द्यायची. साबाजीची होडी वाळूला लागली तेव्हा जिवलीने ती केली होती, आणि त्याने पाण्यात उभं राहून तीच उलट केली होती. अर्थ काय, ते शेवंतीने विचारलं, घाडीने विचारलं. जिवली आणि साबाजी एकमेकांकडे बघून हसली, सांगितलं नाही कोणाला. आज ती खूण करणाऱ्या बाईलाही अर्थ ठाऊक नसतो. तरी ती करते, नीट, दोनदा घासून, आणि सगळं गाव ती दर्याकडे जाईपर्यंत श्वास धरून उभं असतं.